पाटावर बसून पाहिलेल्या साड्या

येवल्याच्या एका विणकराच्या घरात, माजघरातल्या सतरंजीवर दोन पैठण्या शेजारी-शेजारी उलगडून ठेवलेल्या असताना माझ्या लेकीने जो प्रश्न विचारला, तो त्या दिवसापासून माझ्या मनात घर करून राहिला आहे. एक पैठणी गडद जांभळी, अंगभर जरीची वेलबुट्टी असलेली, काठावर मुनियांची, म्हणजे छोट्या पोपटांची, तिहेरी रांग आणि पदरावर बांगडी मोर. दुसरी एकधोटी, म्हणजे एकाच धोट्याने विणलेली; नारळी काठाची, ताण्याचे उभे धागे डाळिंबी आणि बाण्याचे आडवे धागे पिवळे, अंगावर विरळ बुट्टे आणि पदर बेताचा. मी, माझी धाकटी बहीण आणि नणंद अशा आम्ही तिघी जांभळीच्या पदरावर वाकलो होतो. रंग उजळ दिसतो का, फोटोत कशी येईल, ब्लाऊजच्या बाह्या कोपरापर्यंत ठेवाव्यात का, असे आमचे चालले होते. लेक मात्र थोडी मागे उभी होती. तिने विणकराच्या पत्नीला विचारले, "काकू, यातली कोणती नेसून मला होमापुढे तासभर मांडी घालून बसता येईल?"

आम्ही तिघीही गप्प झालो.

साखरपुड्यानंतर आमच्या घरात साड्यांवर जेवढी चर्चा झाली, तेवढी लग्नाची जागा आणि जेवण या दोन्हींवर मिळूनही झाली नसेल. रंग, काठ, पदर, किंमत, कोणत्या विधीला कोणती साडी, कोणत्या साडीवर कोणते दागिने, या सगळ्याचा खल झाला होता. वधूला त्या दिवशी साडी नेसून काय काय करायचे असते, हा विचार मात्र कोणाच्या मनाला शिवला नव्हता. खरे तर तो दिवस तिच्यासाठी चांगलाच अंगमेहनतीचा असतो. सकाळी गौरीहरापुढे बसून तांदूळ वाहायचे. अंतरपाटाआड उभे राहून मंगलाष्टके संपेपर्यंत हातातला हार सावरायचा, आणि तो घालताना दोन्ही हात खांद्याच्या वर न्यायचे. कन्यादानाच्या वेळी ओंजळीवर पाण्याची धार पडते, ती मनगटावरून मांडीवर ओघळते. मग होम: समोर धूर, तुपाची आहुती, भावाने ओंजळीत घातलेल्या लाह्या. नवऱ्या मुलाच्या उपरण्याला पदराची गाठ मारलेली असते आणि त्या गाठीसकट उठायचे, बसायचे, अग्नीभोवती फिरायचे, तांदळाच्या राशींवर एकेक पाऊल ठेवत सप्तपदी चालायची. त्यानंतर वडीलधाऱ्यांना वाकून नमस्कार, आणि ते किती, याची तर मोजदादच नसते. इतके सगळे जिच्यात करायचे, ती साडी आम्ही आरशापुढे खांद्यावर पदर टाकून निवडायला निघालो होतो.

त्या वर्षी, म्हणजे २०२३ साली, श्रावण अधिक आला होता. त्यामुळे सगळेच सण पुढे गेले, देव उठायला २३ नोव्हेंबर उजाडला आणि तुळशीच्या लग्नानंतरचा आम्हाला मानवणारा मुहूर्त महिन्याच्या अगदी अखेरीस मिळाला. दिवस भरपूर आहेत असे वाटता वाटता ते हातून गेले. अधिक महिन्यात बस्ता बांधायचा नाही, असे माझ्या आईचे ठाम म्हणणे. पाठोपाठ गणपती आले, गौरी आल्या, अनंत चतुर्दशी झाली की लगेच पितृपक्ष लागला. १५ ऑक्टोबरला घट बसले तेव्हा कुठे नव्या वस्त्राला हात लावायची मुभा मिळाली. हातमागावरची पैठणी सांगून विणून घ्यायची तर काही महिने आधी सांगावी लागते, नक्षी भरगच्च असेल तर त्याहूनही आधी. आमच्यासाठी ती वेळ निघून गेली होती. मागावरून उतरून कपाटात घडी घालून ठेवलेल्यांपैकीच एखादी निवडायची, एवढाच मार्ग होता. नाशिकहून निफाड, विंचूर करत येवल्याला जाताना दुतर्फा द्राक्षबागा लागतात. ऑक्टोबर छाटणी झालेल्या बागा काड्यांच्या सांगाड्यांसारख्या उभ्या होत्या आणि मधूनच एखाद्या बागेत कोवळी, पोपटी फूट दिसत होती. माझ्या भावाची बाग निफाडजवळ आहे. त्याने रस्त्यावर येऊन आम्हाला थांबवले, थर्मासमधला चहा पाजला आणि भाचीला सांगितले, "पिवळी माझ्याकडून आहे, तिची चिंता करू नकोस. ती मी आणून ठेवली आहे."

आमच्याकडची जुनी रीत अशीच आहे. गौरीहराला आणि मंगलाष्टकांना मामाने दिलेली पिवळी अष्टपुत्री, त्यानंतर सासरचा शालू, आणि माहेरची जी काही हौस असेल ती वरातीला किंवा दुसऱ्या दिवशीच्या पूजेला. या रीतीत ज्याचा-त्याचा मान राखला जातो हे खरे. पण बारकाईने पाहिले तर वधूने स्वतः निवडलेले असे त्या दिवशी तिच्या अंगावर काहीच नसायचे. माझा बस्ता नव्वदीच्या सुरुवातीला बांधला गेला. नाशिकच्या मेन रोडवरच्या दुकानात पांढऱ्याशुभ्र चादरी घातलेल्या गाद्यांवर दोन्ही घरची मंडळी समोरासमोर बसली होती. दुकानातला माणूस गुडघ्यांवर बसून एकेक साडी मनगटाच्या झटक्याने अशी फेकायचा, की ती हवेत उलगडत आमच्या पायांशी येऊन पडायची. नव्या रेशमाचा वास, आल्याचा चहा, नॅप्थालीनच्या गोळ्या आणि लोकांची गर्दी यांचा मिळून एक उबट दर्प तिथे भरला होता. माझ्या आजेसासूबाई तक्क्याला टेकून बसल्या होत्या. त्यांनी एका शालूवर बोट ठेवले, सासूबाईंनी मान डोलावली, आणि मग सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. "आवडला ना गं?" या प्रश्नाला त्या गादीवर एकच उत्तर असते, आणि ते मी दिले. शालू खरोखर सुंदर होता. बनारसी, राणी रंगाचा, अंगभर जाळ. त्यात नाव ठेवण्यासारखे काहीही नव्हते, आणि ज्या मायेने त्यांनी तो निवडला, ती माया मला पुढे आयुष्यभर पुरली.

पण तो शालू नेसून मी होमापुढे बसले, तेव्हाचे मला जे आठवते ते मंत्र नव्हेत. उलट बाजूची जर कमरेला बोचत होती. निऱ्या इतक्या ताठ होत्या की मांडी घातल्यावर त्या मांडीवर पसरेनात, पुढे एखाद्या पेटीसारख्या उभ्याच राहिल्या, आणि त्या पेटीवरून हात लांब करून लाह्या अग्नीत टाकताना ठिणगी तर उडणार नाही ना, याकडेच माझे सारे लक्ष. पदराला खांद्यापाशी लावलेल्या पिना त्याच्या ओझ्याने खाली खेचल्या जात होत्या. सप्तपदी चालताना भटजी प्रत्येक पावलाचा अर्थ समजावून सांगत होते, अशी आमच्या लग्नाची ख्याती आहे. नातेवाईक अजून त्या भटजींचे कौतुक करतात. मला त्यातला एकही अर्थ आठवत नाही. पायात येणारा घोळ मात्र आठवतो, आणि मागून वन्संनी तो उचलून धरल्यावर वाटलेले सुटकेचे समाधानही आठवते. पुढे तो शालू मोजक्या प्रसंगांना निघाला. आता त्याच्या घड्या विरल्या आहेत आणि काठाची जर काळवंडली आहे.

माझ्या आईची गोष्ट याहून वेगळी. तिचे लग्न साठीच्या दशकातले, आणि तिची अष्टपुत्री सुती होती. पांढरे लुगडे घरीच हळदीच्या पाण्यात बुडवून पिवळे केलेले. लग्नात नेसून झाल्यावर ती धुतली गेली, पुन्हा पुन्हा धुतली गेली, पिवळेपणा फिकट होत होत सायीच्या रंगावर आला, आणि माझ्या थोरल्या भावाच्या जन्माच्या वेळी तिची दुपटी झाली. त्यातले एक दुपटे मी पाहिले आहे. बोटांच्या मध्ये धरले तर आहे की नाही कळणार नाही, इतके मऊ. आजीचा शालू तर आमच्यापैकी कोणी पाहिलाच नाही. त्याची जर खरी होती, म्हणजे रेशमाच्या दोऱ्यावर चांदीची बारीक तार गुंडाळून वर सोन्याचे पाणी दिलेली. अशी साडी जीर्ण झाली की जरीच्या वजनावर पैसे देणारे लोक दारावर येत. आजीने शालू दिला आणि आलेल्या पैशांतून धाकट्या काकांची कॉलेजची फी भरली, असे आई सांगते. त्या सांगण्यात तिला हळहळ वाटलेली मी कधी पाहिली नाही. त्या पिढीची लग्नाची वस्त्रे नेसून, धुऊन, मोडून पूर्ण वापरली गेली. आमच्या पिढीने ती मलमलीत गुंडाळून कपाटाच्या वरच्या कप्प्यात ठेवली, आणि वर्षातून एकदा घड्या बदलायला तेवढी काढली.

येवल्याच्या त्या घरात शिरताना आधी माग लागतो. जमिनीत खड्डा, त्यात पाय सोडून विणकर बसलेला, समोर ताणा ताणलेला आणि ताण्याखाली नक्षीचा आलेख मांडलेला कागद. पदराचे काम चालू होते. मोराच्या एका पिसाऱ्यासाठी जेवढे रंग, तेवढ्या रेशमाच्या तिल्ल्या, म्हणजे दोरा गुंडाळलेल्या बारीक काड्या, ताण्यावर ओळीने पडलेल्या. हिरव्याची तिल्ली आपल्या हद्दीपर्यंत जाते, तिथे शेजारच्या निळ्याच्या धाग्यात अडकते आणि मागे वळते. प्रत्येक ओळीला, प्रत्येक रंगाच्या वेशीवर ही अडकवणूक बोटांनी करायची. म्हणूनच हाती विणलेल्या पैठणीचा पदर उलटा करून पाहिला तरी सुलट्यासारखाच दिसतो. मागे मोकळे धागे लोंबत नाहीत. यंत्रमागावरच्या किंवा नक्षीचे धागे आपोआप उचलणाऱ्या जॅकार्डच्या साडीत ते लोंबतात, किंवा कापल्याच्या खुणा दिसतात. हल्ली दुकानांत पैठणी म्हणून जे ढीग रचलेले असतात, त्यातला मोठा भाग असाच असतो. ज्यांच्या खिशाला तो परवडतो त्यांनी तो खुशाल नेसावा, त्यात कमीपणा काही नाही. पण तो हातमागाचा म्हणून हातमागाच्या भावात विकला जातो तेव्हा मला मनापासून चीड येते. सिल्क मार्कची चिठ्ठी २००४ सालापासून आली आणि तिने रेशीम अस्सल आहे की नाही एवढे कळते. विणणारे हात होते की यंत्र, हे मात्र ती सांगत नाही. त्यासाठी पदर उलटून पाहावा लागतो आणि शक्य असेल तर मागापर्यंत जावे लागते. विणकराने सांगितले की भरगच्च नक्षीचे काम असले, की दिवस मावळेपर्यंत ते बोटभरच पुढे सरकलेले असते. हे तो तक्रारीच्या सुरात सांगत नव्हता. एखादा शेतकरी आपल्या जमिनीचा पोत सांगतो, तसे सांगत होता.

लेकीच्या प्रश्नाला त्या माउलीने बोलून उत्तर दिलेच नाही. ती आत गेली, देवघरातला पाट घेऊन आली, खुंटीवरचे उपरणे खांद्यावर टाकले आणि म्हणाली, "बसूनच बघ ना, पोरी." घड्या न मोडलेली साडी नेसून बघायची म्हणजे आमच्या तिघींच्याही जिवावर आले होते. दुकानात कोणी असे करू दिले नसते. पण तिने सराईतपणे जांभळी लेकीच्या कुर्त्यावरूनच गुंडाळली, निऱ्या घातल्या, पदर काढला आणि तिला पाटावर बसवले. बसताक्षणी निऱ्या पुढे फुगून वर आल्या. लेकीने त्या दोन्ही हातांनी दाबल्या, हात काढताच त्या पुन्हा उभ्या राहिल्या. पदर खांद्यावरून मागे घसरत होता, कारण पदरातल्या जरीचे सगळे वजन पाठीवर लोंबत होते. मग बाईंनी उपरण्याचे टोक आणि पदराचे टोक एकत्र घेऊन गाठ मारायचा प्रयत्न केला. गाठ मारली जाईना. इतक्या जरीचा पदर पिळायचा तर जर मोडण्याची भीती, आणि सैल मारली तर गाठ सुटून येत होती. "याला पिन लावतात," त्या म्हणाल्या, "गाठीच्या जागी." माझ्या नणंदेने लगेच मान डोलावली, की हो, हल्ली सगळीकडे पिनच लावतात.

एकधोटी नेसवल्यावर पुन्हा तोच सगळा क्रम झाला. मांडी घातल्यावर निऱ्या मांडीवर पसरल्या आणि तिथेच राहिल्या. लेकीने पुढे वाकून, समोर होम आहे असे समजून, ओंजळ लांब केली. काठ पायाशी नीट राहिला. गाठ मारली गेली, छोटी आणि घट्ट. ती उठली, त्या गाठीसकट उपरणे ओढत माजघरात चार पावले चालली, मागे वळून पाहिले आणि हसली. ते हसू आरशासमोरचे नव्हते, कारण त्या खोलीत आरसा कुठे नव्हताच.

मग ती साडी घेऊन अंगणात गेली. आत ट्यूबलाइटच्या उजेडात एकधोटी मला जरा सपाट वाटली होती, पिवळसर, कोणत्याही सणाला चालेल अशी. बाहेर दसऱ्याच्या आधीचे स्वच्छ ऊन होते. पावसाळ्याने धुतलेली, धुळीचा कण नसलेली हवा, आणि दुपार कलू लागल्यामुळे तिरपा झालेला प्रकाश. ताणा एका रंगाचा आणि बाणा दुसऱ्या रंगाचा असला की वस्त्रात धूपछांव येते. ऊन जिथे सरळ पडले तिथे ती केशरी पिवळी झाली आणि घडीच्या खळग्यात डाळिंबी राहिली. लेक हात हलवी तसे ते दोन रंग एकमेकांत जात-येत होते. जांभळीही बाहेर आणून पाहिली. तिच्यातला मोर उन्हात झळाळून उठला, अंगभरची जर चमकू लागली आणि खुद्द जांभळा रंग त्या चमकेखाली दिसेनासा झाला. रात्रीच्या मांडवात, दिव्यांच्या माळांखाली तिच्यापुढे दुसरी कोणतीही साडी फिकी पडली असती, हे मी आजही म्हणेन. आमचा मुहूर्त सकाळचा होता.

आणि तरीही मला जांभळीच हवी होती. हे मी लपवत नाही. लेकीच्या लग्नात तिच्या पाठीवर मोरांचा पदर असावा, ही हौस माझ्या मनात ती शाळेत असल्यापासून होती, आणि त्यासाठी मी वेगळे पैसे बाजूला टाकत आले होते. एकधोटी नेसून अंगणात उभी असलेली माझी मुलगी सुंदर दिसत होती. पण नवरी म्हणून मी जिला मनात पाहात आले होते, ती ही नव्हती. भरजरी वस्त्राखाली जरा दबलेली, सावकाश चालणारी, चारचौघींनी सावरून न्यावी लागणारी अशी नवरी माझ्या डोळ्यांना सवयीची आहे. तिच्या त्या अवघडण्यालाच आपण शालीनता म्हणत आलो की काय, असा विचार तेव्हा मनात आला आणि मला तो आवडला नाही. बहीण म्हणाली, "दोन्ही घे, होमाला ही आणि रिसेप्शनला ती." जांभळीची किंमत लाखाच्या घरात होती आणि एकधोटीची त्याच्या चौथाईहूनही कमी, त्यामुळे दोन्ही घेणे अगदीच अशक्य नव्हते. पण रिसेप्शनला विहीणबाईंचा शालू होता, आणि त्यांनी तो आनंदाने त्या वेळेवर ढकलला होता. "होमाला तिला जी सोसवेल ती नेसू दे," असे त्यांनी फोनवर सांगितले होते. मग मोराचा पदर नेसायचा कधी? लेक माझ्याजवळ आली आणि हळूच म्हणाली, "आई, ती घेतली तर ती कपाटात राहील आणि तुला प्रत्येक वेळी वाईट वाटेल." एकधोटी घेतली. विणकराने जांभळीची घडी घालताना चेहऱ्यावर काही दाखवले नाही. ती दिवाळीच्या आत जाईल याची त्याला खात्री होती, आणि ती गेलीही, असे नंतर कळले.

२६ नोव्हेंबरच्या रविवारी नाशिक जिल्ह्यात जो अवकाळी पाऊस आणि गारपीट झाली, ती इथल्या कोणाच्याही विस्मरणात गेलेली नसेल. निफाडकडच्या बागांमध्ये वेलींखाली गारांचा थर साचल्याचे फोटो दुपारपासून फोनवर येऊ लागले. भावाला फोन केला तर तो बागेतच होता. "पाने फाटली, घड गळाले," एवढेच म्हणाला, आणि लगेच, "पिवळी कोरडी आहे, घरात आहे." लग्न अवघ्या काही दिवसांवर होते. लग्नाच्या दिवशीही लॉन्सवर चिखल होता. मांडवाच्या कापडातून मधूनच पाणी ठिबकत होते आणि हवेत नोव्हेंबरला न शोभणारा दमट गारठा होता. रेशमावर पाण्याचा डाग पडला तर तो सहसा जात नाही, त्यामुळे सगळ्या बायका साड्या वर धरून, खुर्च्यांच्या रांगांमधून वाट काढत होत्या. ज्याची वर्षभराची मेहनत एका दुपारी जमिनीवर पडली होती, तो माझा भाऊ धुतलेल्या धोतरात वेळेवर हजर झाला, आणि त्याने आणलेल्या पिवळ्या साडीतल्या भाचीला दंडाला धरून अंतरपाटापर्यंत घेऊन आला. दिवसभर त्याने बागेचा विषय काढला नाही. कोणी काढलाच तर तो बोलणे दुसरीकडे वळवी. त्या क्षणी आजूबाजूला झगमगणारे सगळे रेशीम, माझ्या अंगावरचेही, मला जड झाले होते. आणि त्याच वेळी ती पिवळी साडी पाहून त्याच्याविषयी जो अभिमान वाटत होता, तोही तितकाच खरा होता. या दोन भावना त्या दिवशी एकमेकींना बाजूला सारू शकल्या नाहीत.

लेकीने पिवळी बदलून एकधोटी नेसली आणि होमापुढे बसली. मी तिच्या मागे, थोडी डावीकडे होते. लाह्यांची ओंजळ पुढे नेताना तिने साडीकडे एकदाही पाहिले नाही. भटजी मंत्राचा अर्थ सांगत होते आणि ती मान वळवून ऐकत होती. एका ठिकाणी तिने चक्क थांबवून विचारले, की हे पुन्हा सांगाल का. सप्तपदी तिने कोणाच्याही आधाराशिवाय, निऱ्या एका हाताने किंचित उचलून, नवऱ्याच्या पावलाबरोबर पाऊल टाकत पूर्ण केली. उपरण्याची गाठ शेवटपर्यंत टिकली. कुंकवाने रंगवलेल्या अक्षता दमट हवेमुळे तिच्या खांद्यावर चिकटून राहिल्या आणि त्यांचे बारीक तांबूस ठिपके पदरावर उमटले. ड्रायक्लीनला देऊनही त्यातले काही राहिलेच. मी ते कसे काढावेत याच्या चौकश्या करत होते. लेक म्हणाली की राहू देत, आणि तिने तीच साडी डागांसकट पाडव्याला नेसली, मैत्रिणीच्या मंगळागौरीला फुगड्या घालतानाही नेसली.

तुळशीच्या लग्नानंतर लगेच लग्न झालेल्या मुलीची पहिली संक्रांत फार लवकर येते. तिची १५ जानेवारीला आली. काळी चंद्रकळा सासरची असते, आणि विहीणबाईंनी ती आणायला तिला बरोबर नेले. हलव्याच्या दागिन्यांखाली साडीचा काठ काय दिसणार, असे म्हणत दोघींनी मिळून अगदी साधी, लाल काठाची निवडली, आणि तीळगूळ वाटताना ती घरभर फिरत होती. भावाच्या बागेला सावरायला पुढचा हंगाम लागला. त्याने दिलेली पिवळी लेकीने वापरायला काढली आहे. तिचा फॉल मी मागच्या महिन्यातच नव्याने लावून दिला.

आता पुढच्या वर्षी यजमानांची साठीशांत आहे. होम आहे, शेजारी मलाही बसायचे आहे, आणि उपरण्याला माझ्या पदराची गाठ पुन्हा एकदा मारली जाणार आहे. बहिणीने जांभळ्या पैठणीचा विषय काढलाच, की तेव्हा राहिली ती आता घे. मी येवल्याला फोन केला. एकधोटीच सांगितली आहे, मोरपंखी ताण्यावर हिरव्या बाण्याची. पदरही बेताचाच, पण त्यात मोरांची एक ओळ मी मागून घेतली आहे, कारण ती हौस काही केल्या जात नाही. विणकराने विचारले, गाठ नेमकी कुठे मारतात, पदराच्या कोणत्या टोकाला, म्हणजे तिथे जर कमी ठेवता येईल. मी पदर हातात धरून पाहिला आणि त्याला माप सांगितले. ताणा दसऱ्यानंतर लागेल, असे तो म्हणाला आहे.